पतंगांची खोली

आमच्या घराला वास आहे, हे मला बाहेरच्यांकडून कळलं. शाळेत माझ्या शेजारी बसणारी मुलगी एक दिवस नाक चोळत म्हणाली, "तुझ्या युनिफॉर्मला कपाटाचा वास येतो गं." कपाटाला वेगळा वास असतो, हेच मला नवीन होतं. आमच्याकडे सगळ्यालाच तो होता. गाद्यांना, पुस्तकांना, आईच्या पातळांना, अण्णांच्या केसांना. डांबरगोळ्यांचा वास. मी त्यात वाढले, आणि लग्न होऊन दुसऱ्या घरी गेले तेव्हा सुरुवातीला तिथे काहीतरी उणं वाटत राहायचं, ते काय हे उमगायला वेळ लागला. आज कुणाच्या बेसिनमध्ये ती पांढरी गोळी दिसली की मी हात न धुता बाहेर येते. लोकांना वाटतं, म्हातारी विक्षिप्त आहे. वाटू दे.

अण्णा, म्हणजे माझे वडील, कॉलेजात प्राणिशास्त्र शिकवायचे आणि पतंग जमवायचे. उडवायचे ते नव्हेत. संक्रांतीला आमच्या गच्चीवरून कागदाचे कितीही पतंग गेले तरी त्यांनी कधी मान वर केली नाही. त्यांचे पतंग म्हणजे दिव्याभोवती घिरट्या घालणारे, फुलपाखरांचे चुलत भाऊ, ज्यांना बाकीची माणसं केरसुणीने झटकून टाकतात. इंदिरानगर तेव्हा नुसतं आखलेलं होतं. प्लॉटच्या कोपऱ्यांवर चुना मारलेले दगड, मधूनच एखादं बैठं घर, आणि उरलेल्या जागेत कुणाची कोथिंबीर, कुणाचा झेंडू. विजेचे खांब मात्र घरांच्या आधी आले होते. आईचं म्हणणं असं, की यांनी प्लॉट पाहिलाच नाही, खांब पाहिला. ते खरं असावं. आमच्या समोरच्या दूध केंद्राच्या पांढऱ्या भिंतीवर खांबाचा उजेड पडायचा आणि रात्रभर तिथे पतंग येऊन बसायचे. पहाटे दुधाची बरणी घेऊन अण्णा आणि मी निघायचो. साळुंक्या उठायच्या आत पोचायला लागे, नाहीतर भिंतीखाली नुसते पंख पडलेले दिसत. दूधवाला म्हणायचा, "सर, आज भिंतीवर लय माल लागलाय," आणि अण्णा खरोखर बाजारात आल्यासारखे चष्मा पुसून एकेक निरखायला लागायचे.

घरी आल्यावर पुढचं काम चाले. बाटलीत मेलेले पतंग कडक व्हायच्या आत लाकडी पाटीवर घ्यायचे, छातीतून टाचणी घालायची, पंख चिमट्याने नव्हे तर सुईच्या टोकाने सरकवून पसरायचे आणि कागदाच्या पट्ट्यांखाली वाळू द्यायचे. चिमट्याने पंखावरचे खवले जातात. लेबलं लिहायचं काम माझ्याकडे होतं, कारण माझं अक्षर मोहरीएवढं यायचं. वरच्या लेबलावर गाव आणि पकडणाऱ्याचं नाव, खालच्यावर पतंगाचं. आधी प्रजाती, मोठ्या अक्षराने सुरू होणारी, आणि मग जाती. "आडनाव आधी, नाव मागून," असं अण्णांनी शिकवलं होतं. कुळाचं नाव खणाच्या कडेला. स्फिंजिडी म्हणजे टोकदार पंखांचे, धडधाकट, विमानासारखे. जिओमेट्रिडी म्हणजे ज्यांच्या अळ्या वीत मोजल्यासारख्या चालतात ते. सॅटर्निडी म्हणजे टसर रेशमाच्या घराण्यातले, ज्यांना मोठेपणी धड तोंडच नसतं, खाल्ल्याशिवाय काही दिवस जगतात आणि अंडी घालून मरतात. इतर मुली पाढे म्हणायच्या त्या वयात मी ही नावं म्हणत होते. तिळाच्या शेतातून आलेला एक स्फिंजिडी होता, पाठीवर कवटी असलेला. पकडला की तो उंदरासारखा चिरकायचा. आई त्या खणाकडे बघायची नाही. अण्णा म्हणायचे, "कवटी आपल्या डोळ्यांत आहे. त्याच्या पाठीवर नुसते खवले आहेत."

दिंडोरीकडचे द्राक्षवाले कधीमधी काडेपेटीत पतंग घेऊन यायचे. "सर, ह्यो कोन हाय बघा. निस्ता घडाला भोकं पाडून जातो." अण्णा काडेपेटी उघडायच्या आधी त्यांना चहा द्यायचे आणि मग मला बोलवायचे. "कुंदा, सांग." मी रंग बघून घाईने काहीतरी ठोकून द्यायची. वाळक्या पानासारखा आहे, म्हणजे तोच. अण्णा मान हलवायचे. "रंगावर जाऊ नकोस. रंगावर जाणारा हमखास फसतो. पंखांतल्या शिरा बघ, शिंगं बघ, पाय बघ." हे वाक्य मी इतक्या वेळा ऐकलं आहे की आज भाजी घेतानाही ते आठवतं, आणि आठवलं की राग येतो. तो का, ते पुढे येईल.

आता माझा मुलगा भिंतीवरच्या पतंगाचा फोटो काढतो आणि मोबाइल क्षणात नाव सांगतो. बहुतेक वेळा बरोबरही असतं. त्यानेच मला दाखवलं की मी नॉक्टुइडी म्हणून ज्यांची ढीगभर लेबलं लिहिली, त्यातले अर्धे आता त्या कुळात नाहीत. त्यांना उचलून एरेबिडी नावाच्या दुसऱ्या कुळात घातलं आहे, आणि वाघासारख्या पट्ट्यांचे पतंग, ज्यांचं स्वतःचं वेगळं कुळ होतं, तेही तिथेच नेऊन बसवले आहेत. शास्त्र चुकलं की शास्त्र निदान कबूल करतं, खोडतं, नवीन लिहितं. अण्णांना हे आवडलं असतं.

आमच्या घराला दोन खोल्या आणि स्वयंपाकघर. त्यातली मागची खोली पतंगांची. भिंतीएवढं सागवानी कपाट, त्यात उथळ, काचेच्या झाकणांचे खण. पतंग वाळवून ठेवला की त्याला कसलं भय उरत नाही असं वाटतं, पण तसं नसतं. बारीक केसाळ अळ्यांचा एक भुंगेरा असतो, तो खणात शिरला की आतल्या आत सगळं चघळून त्याचा भुगा करतो, आणि पावसाळ्यात त्याच्या जोडीला बुरशी येते. म्हणून दर आषाढात अण्णा डांबरगोळ्या आणायचे, त्या खलबत्त्यात कुटायचे, पत्र्याच्या डब्यात घालून स्टोव्हवर वितळवायचे आणि तो गरम रस खणांच्या कोपऱ्यांत ओतायचे. गार झाला की पांढरा, चकचकीत थर बसे. त्या दिवशी घरभर असा वास कोंडायचा की डोळ्यांतून पाणी यायचं. आई कटकट करायची, पण तिलाही त्या कपाटाचा एक फायदा झाला होता. अगदी तळाला दोन मोठे, खोल खण होते, त्यात तिने आजीची जुनी लुगडी आणि तिची स्वतःची विरलेली पातळं घालून ठेवली होती. घरात दुसरीकडे कुठेही कसर लागायची, झुरळं व्हायची. त्या खणांत मुंगीसुद्धा जात नसे. "माझ्या नातवंडांची दुपटी आहेत ती," असं ती अभिमानाने सांगायची. तेव्हा ताईचं लग्नही ठरलं नव्हतं.

आणि आषाढ संपता संपता अण्णांना कावीळ व्हायची. दर वर्षी नाही, पण बहुतेक वर्षी. डोळे पिवळे, लघवी काळ्या चहासारखी, आणि अंगात एवढा थकवा की जिना चढताना मध्ये थांबायचे. डॉक्टरांनी लिव्हर नाजूक आहे म्हणून सांगितलं होतं. मग आई मीठ-तेल बंद करायची, ताक-भात आणि उसाचा रस सुरू व्हायचा, आणि त्र्यंबकच्या रस्त्यावर एक म्हातारे वैद्य होते त्यांच्याकडून कावीळ उतरायची माळ यायची. मुळ्यांच्या तुकड्यांची ती आखूड माळ डोक्यावर ठेवली की कावीळ उतरत जाईल तशी लांबत गळ्यात उतरते, अशी समजूत. ताई अण्णांना चिडवायची, "प्राणिशास्त्राचे प्राध्यापक डोक्यावर काड्या घेऊन बसलेत." अण्णा हसून म्हणायचे, "गुण येतो ना? मग झालं." आणि गुण यायचा. पंधरवड्यात ते ठणठणीत होऊन कॉलेजात जायचे, आणि श्रेय माळेला मिळायचं.

ताई माझ्याहून पाच वर्षांनी मोठी. तिचं लग्न लासलगावला झालं, मार्केट यार्डात अडत असलेल्या घरात. माणसं रांगडी पण मायाळू. पहिलं बाळंतपण माहेरी, म्हणून सातव्या महिन्यात ती आली, ती घरात हसणं घेऊनच आली. मी तेव्हा अकरावीत होते. तिच्या पोटावर कान ठेवून मी तिला विचारायची, "आत कोण आहे? कुळ कोणतं?" ती म्हणायची, "होमिनिडी. पुढचं तुझ्या अण्णांना विचार." बाळंतिणीला वेगळी, वारा न लागणारी खोली हवी. पुढच्या खोलीत रस्ता, पाहुणे, धूळ. म्हणून मागची खोली ठरली. अण्णांनी स्वतः टेबल हलवलं, बाटल्या हलवल्या, खाट कपाटाला लागून टाकली. आईने तळाचे खण उघडून लुगडी काढली, हातावर घासून बघितली आणि म्हणाली, "नुसतं लोणी झालंय." आषाढ लागला होता, दोरीवर टाकलेलं काही वाळत नव्हतं. ती लुगडी ठेवतानाच स्वच्छ धुतलेली होती. तिने ती फाडली, घड्या घातल्या, तशीच दुपटी शिवली. अण्णांचं गोळ्या वितळवायचं काम त्या वर्षी त्यांनी आधीच उरकून घेतलं होतं, बाळाला धुराचा त्रास नको म्हणून.

मुलगा झाला. नर्सिंग होममधून ताई घरी आली तेव्हा पाऊस लागलेला होता आणि घरात डिंकाच्या लाडवांचा, शेपूच्या भाजीचा, ओव्याच्या धुरीचा वास पसरला होता. सकाळी आई पाय पसरून बसायची, बाळाला पायांवर घेऊन तेल लावायची, भरपूर, अगदी अंगात मुरेपर्यंत, मग न्हाऊ घालायची आणि कोमट अंग दुपट्यात घट्ट गुंडाळून खोलीचं दार लावून घ्यायची. खिडकी बंद, शेगडी पेटलेली. ताईची नणंद शोभाताई, ज्यांना ताई वन्सं म्हणायची, त्या लासलगावहून अंगडं-टोपडं घेऊन आल्या. स्वतः विणलेलं होतं, हिरव्या लोकरीचं. त्यांनी बाळाला मांडीवर घेतलं आणि सोडेचनात. आईने विचारलं, "आत्याबाई, नाव ठरलं का?" त्या म्हणाल्या, "ठरलंय कवाच. पन सांगनार न्हाय. बारशाला कळंल." ताईने खूप लाडीगोडी लावून पाहिली, पण त्या नुसत्या हसत राहिल्या, आणि संध्याकाळच्या गाडीने परत गेल्या.

त्याच्या दुसऱ्या की तिसऱ्या दिवशी बाळ पिवळं दिसायला लागलं. शेजारच्या काकू म्हणाल्या, सगळीच होतात, कोवळ्या उन्हात धरा. ऊन कुठलं आणायचं? आईने त्याला खिडकीच्या काचेशी धरून पाहिलं. पिवळेपणा डोळ्यांतून छातीवर आला, छातीवरून पोटावर. ताई म्हणाली, "आई, तो नीट ओढत नाहीये. डॉक्टरांकडे जाऊ या." तेव्हा अण्णांनी चष्मा लावून बाळाची पापणी अलगद खाली ओढून पाहिली. पतंग बघतानाचा तोच चेहरा. आणि म्हणाले, "कावीळ आहे. आपल्या घरातलीच. घाबरू नका. मला ठाऊक आहे ही." आई सुटल्यासारखी झाली. ताईसुद्धा. अण्णांना ठाऊक आहे म्हटल्यावर आमच्या घरात त्याच्या पुढे प्रश्न नसायचा. ते छत्री घेऊन त्र्यंबकच्या एसटीत बसले, माळ आणायला.

मी हे लिहिते आहे तेव्हा माझा हात थांबतो आहे, आणि तो दुःखाने थांबत नाही, संतापाने थांबतो. ज्या माणसाने मला सांगितलं की दोन पतंग एकाच रंगाचे असले म्हणून एका जातीचे होत नाहीत, त्याने पिवळं ते सगळं एका नावाखाली घातलं. स्वतःचं पिवळं आणि नातवाचं पिवळं. दर वर्षी गोळ्या वितळवल्या की आपण पिवळे होतो, हे इतकी वर्षं त्याच्या डोळ्यांसमोर होतं. भिंतीवरच्या किड्याची नोंद झाली, स्वतःच्या रक्ताची झाली नाही.

अण्णा दिवे लागायच्या सुमाराला भिजून परत आले. तोवर बाळाचं रडणं बदललं होतं. बारीक, चिरकं, न थांबणारं, आणि रडताना ते पाठीची कमान करायचं. ताईने कुणालाही न विचारता त्याला छातीशी धरलं आणि चपला न घालता बाहेर पडली. आम्ही तिच्या मागे धावलो. रिक्षा मिळाली. अण्णांच्या हातातली माळ रिक्षात कुठेतरी पडली.

रुग्णालयातली डॉक्टर तरुण होती, ताईहून थोडीच मोठी असेल. तिने बाळाला घेतलं, दुपटं सोडलं, आणि एकदम थांबली. दुपटं नाकाशी नेलं. मग आईकडे वळली. "मावशी, हा वास कसला?"

आई म्हणाली, "कसला वास? स्वच्छ आहे ते."

तिला येतच नव्हता. आमच्यापैकी कुणालाच येत नव्हता.

"डांबरगोळ्यांचा आहे हा," डॉक्टर म्हणाली. "कपडे डांबरगोळ्यांत ठेवले होते का? घरात आणखी कुठे आहेत?" आईने मान डोलावली. डॉक्टरने नर्सला काहीतरी भराभर सांगितलं, दुपटं काढून खोलीबाहेर टाकायला लावलं, आणि मग अण्णांना बाजूला बोलावलं. मी त्यांच्याजवळच उभी होते. तिने विचारलं, "घरात आणखी कुणाला अशी कावीळ होते? वारंवार? पुरुषांपैकी?"

अण्णा म्हणाले, "मला."

तिने सांगितलं ते साधं होतं. काहींच्या रक्तात एक एन्झाइम जन्मतःच कमी असतो. एरवी त्यांना काही होत नाही. पण काही औषधं, आणि डांबरगोळ्या, त्यांच्या तांबड्या पेशी फोडतात. मोठा माणूस त्यातून सावरतो. एवढ्याशा बाळाला, त्यातून तेल लावलेल्या अंगाला, ते झेपत नाही. रक्त बदलून बघतो, पण पिवळेपणा मेंदूपर्यंत गेला आहे असं वाटतं, थोडं आधी आणायला हवं होतं. "तुम्ही काय करता?" तिने विचारलं. अण्णांनी सांगितलं. मग ती पुढचं बोलली नाही, कारण पुढचं त्यांना शिकवायची गरज नव्हती. बापाकडून प्रत्येक मुलीकडे, मुलीकडून तिच्या मुलाकडे. हे ते दर वर्षी फळ्यावर आकृती काढून शिकवायचे.

दुसऱ्या दिवशी दुपारी बाळ गेलं. दाजी, म्हणजे ताईचे यजमान, यार्डातून तसेच आले होते, कपड्यांवर कांद्याची टरफलं चिकटलेली. एवढ्या लहान जिवाला जाळत नाहीत. दाजींनी आणि अण्णांनी त्याला गोदेच्या काठी पुरलं. वन्संनी आणलेलं टोपडं त्याच्या डोक्यावर होतं.

आईला वाटत होतं की ताईला काही सांगू नये. म्हणाली, "तिला काय करायचंय कळून? देवाने नेलं म्हणा." अण्णांनी ऐकलं नाही. ताई खाटेवर भिंतीकडे तोंड करून बसली होती, आणि त्यांनी उभ्याउभ्या, वर्गात सांगावं तसं, सगळं सांगितलं. गोळ्यांचं, लुगड्यांचं, रक्ताचं. "माझ्याकडून तुझ्याकडे आलं, तुझ्याकडून त्याच्याकडे. आणि मी ते ओळखलं नाही, म्हणून दिवस गेला." आई पदराने तोंड झाकून स्वयंपाकघरात गेली. दुपटी तिने शिवली होती. त्यावर नंतर आमच्या घरात कुणी एक शब्द काढला नाही, आणि तिनेही कधी काढू दिला नाही. ताईने वळून अण्णांकडे पाहिलं. मग तिने आपली पिशवी भरली आणि दाजींबरोबर निघून गेली. तिने अण्णांशी बोलणं सोडलं. भांडली असती तर बरं झालं असतं असं मला वाटायचं.

तीच गोष्ट माझ्याही रक्तात असणार होती, हे मला अण्णांच्या आकृतीवरूनच समजलं. पुढे माझ्या बाळंतपणाला मी माहेरी गेले नाही. माझ्या मुलाच्या रक्तात ते आहे. तो आता चाळिशीचा आहे, धडधाकट आहे, काही औषधं टाळतो. एवढंच करायचं असतं. एवढं साधं आहे ते.

ताई गेल्यावर अण्णांनी कपाट उघडलं. खणांच्या कोपऱ्यांतला तो पांढरा थर त्यांनी चाकूने खरवडून काढला, घराबाहेर खड्डा करून पुरला, खोली सोड्याने धुतली, खिडक्या उघड्या टाकल्या. मला वाटलं, आता ते पतंग कॉलेजला देतील. कॉलेजवाले न्यायला तयारही होते. अण्णांनी दिले नाहीत. ते नुसते खुर्ची टाकून खोलीत बसायचे. पावसाळा सरला आणि भुंगेरे आले. आधी छोट्या पतंगांखाली बारीक भुगा दिसायला लागला, मग मोठ्यांची पोटं गेली, मग पंख टाचणीवरून गळून पडले. मी एकदा रडत म्हणाले, "अण्णा, निदान थोडे तरी वाचवू या. मी करते सगळं." ते म्हणाले, "खाऊ दे. त्यांना खायला मीच इतकी वर्षं अडवत होतो." पुढच्या उन्हाळ्यापर्यंत खणांत रांगेने टाचण्या उभ्या होत्या आणि टाचण्यांवर माझ्या अक्षरातली लेबलं. प्रजाती, जाती, गाव. वर काहीही नाही.

त्यानंतर एके दिवशी अण्णांनी शर्ट बदलला आणि म्हणाले, "कुंदा, चल, लासलगावला जाऊन येऊ." मला वाटलं, ताईची समजूत काढायला निघालेत. यार्डात लिलाव चालू होते, ट्रॅक्टरांची रांग रस्त्यापर्यंत आली होती, आणि उन्हात कांद्याचा वास नाकाला झोंबत होता. ताईच्या घरी ओसरीवर वन्सं कांदे निवडत बसल्या होत्या. नवरा गेल्यापासून त्या माहेरीच राहायच्या. त्यांनी आम्हाला पाहिलं, पदर सारखा केला, "या" म्हणाल्या. ताई आतल्या दारात आली, मला पाहून डोळ्यांनी हसली, आणि अण्णांकडे न बघता पाण्याचे तांबे ठेवून पुन्हा चौकटीत उभी राहिली.

अण्णा पाणी प्यायले नाहीत. हात जोडून वन्संना म्हणाले, "शोभाताई, एक मागायला आलोय. त्याचं नाव तुम्ही ठरवलं होतं. ते मला सांगा."

वन्संचा हात कांद्यावर थांबला. आवाज चढला नाही त्यांचा. म्हणाल्या, "ते त्याच्या कानात सांगायचं व्हतं, सर. तुमच्या न्हाय."

अण्णांनी मान हलवली. "बरोबर आहे," म्हणाले. ते उठले, चपला शोधायला लागले, आणि त्यांना त्या समोर असून दिसेनात. तेव्हा दारातून ताईचा आवाज आला. वर्षभरात पहिल्यांदा ती त्यांच्याशी बोलत होती.

"अण्णा," ती म्हणाली, "मलापण नाही सांगितलं त्यांनी."

अण्णा तिथेच, ओसरीच्या पायरीवर, खाली बसले. ताई आली आणि त्यांच्याशेजारी बसली. वन्सं कांदे निवडत राहिल्या, आणि त्यांच्या डोळ्यांतून पाणी वाहत होतं ते त्यांनी पुसलं नाही.

अण्णा जाऊनही आता खूप वर्षं झाली. ताईला पुढे दोन मुली झाल्या, त्यांची नावं वन्संनीच ठेवली. वन्सं गेल्या वर्षी गेल्या. शेवटचे महिने अंथरुणावर होत्या आणि सगळं ताईने केलं, अंग पुसणं, भरवणं, सगळं. त्या गेल्याचा फोन आला तेव्हा मी ताईला विचारल्यावाचून राहू शकले नाही. "शेवटी तरी सांगितलं का गं त्यांनी?"

 ताई म्हणाली, "मी विचारलंच नाही. विचारलं असतं, आणि त्या विसरल्या असत्या तर?"